सीडी नंबर दोन कुणाकडे आहे का? (खान्देश आणि हिंदीत डब झालेले मारधाडीचे पिक्चर)

पांझराकाठ

धाग्याचं कारण क्षुल्लक आहे, आधीच सांगून ठेवतो.

साल २००३ किंवा ०४. गणपतीत आमच्या गल्लीच्या मंडळानं धुळ्याहून व्हीसीडी प्लेअर आणि रंगीत टीव्ही भाड्यानं आणला होता. एका तबकडीत जेमतेम ७४ मिनिटं मावायची, त्यामुळे प्रत्येक पिक्चर दोन सीड्यांचा. पहिले दोन पिक्चर आपले हिंदी. रात्री एकनंतर, बायाबापड्या घरी गेल्यावर, तिसरा लागला. परदेशी, कराटेचा, हिंदीत बोलणारा. कव्हरवर एका नटाचा फोटो, आत भलताच नट. नावात 'मौत' होतं एवढंच आठवतं. हिरोच्या धाकट्या भावाला बर्फाच्या कारखान्यात बांधून ठेवलेलं, हिरो लाकडी शिडी फिरवत जिना चढतोय, वरून पाच जण उतरतायत, आणि पडद्यावर निळा रंग. सीडी संपली.

दुसरी सीडी घातली तर कुणाच्या तरी लग्नाचं शूटिंग. सीडीवाल्यानं पाकिटात चुकीची तबकडी घातली होती. आम्ही चाळीस जणांनी एका अनोळखी नवरदेवाची हळद दहा मिनिटं पाहिली, कदाचित मधेच पिक्चर सुरू होईल म्हणून. मग कुणीतरी ओरडलं, "आते बंद करा रे भो!"

हे आठवायचं कारण म्हणजे मागच्या रविवारी भाच्यानं मोबाइलवर एक नवा परदेशी ॲक्शनपट दाखवला. थेटरात लागून आठवडाही झाला नव्हता. हिंदीत होता, पण हिरो, व्हिलन आणि हिरोची आई या तिघांचा आवाज एकाच माणसाचा! आणि दर मारामारीत तोच माणूस मधे सट्ट्याच्या ॲपची जाहिरात वाचतो. भाच्याला त्याचं काहीच वाटत नव्हतं.

चोरीचं समर्थन करायला धागा काढलेला नाही. पण आपण सगळे याच ताटात जेवलोय. आपल्याकडे हे पिक्चर कसे यायचे, कोण पाहायचं, आता कोण पाहतं, हे लिहा. आणि तो धाकटा भाऊ वाचला का, हे कुणाला माहीत असेल तर तेही.

---

सदाशिवपेठी

वाचला की मेला हे पैसे देऊन पाहिलं असतं तर कळलं असतं. चोरी ती चोरी. आता महिन्याला दोन वडापावांच्या पैशात ओटीटी मिळतं, तरी लोकांना फुकटच हवं. यात खान्देशचं कौतुक कसलं?

---

केळीचं_पान

सदाशिवपेठी, पैसे द्यायला खिडकी कुठे होती ते सांगा ना भो.

मी रावेर तालुक्यातला. आमच्या गावापासून जवळच्या टॉकीजचं मंगल कार्यालय होऊन जमाना झाला. आता मोठा पडदा म्हणजे जळगाव. तिथे इंग्रजी पिक्चर लागला की त्याचा हिंदी शो सकाळचा नाहीतर रात्रीचा. सकाळी केळी कापायची असतात, रात्री परतीला एसटी नसते. हे मी रडगाणं म्हणून सांगत नाही, असंच आहे.

आता पाहतं कोण ते. शेतीची लाइट एक आठवडा दिवसा, एक आठवडा रात्री. रात्रीच्या आठवड्यात हरभरा-गव्हाला पाणी द्यायला माणूस बारा वाजता शेतात जातो. एक वाफा भरेपर्यंत अर्धा तास बसून राहायचं. थंडी, अंधार, बांधावर रानडुकरं. आमच्या सालदारानं मोबाइलला छोटा स्पीकर जोडून ठेवलाय. आवाज पूर्ण मोठा करून मारामारीचा पिक्चर लावतो. त्याचं म्हणणं, गाणी लावली तर डुकरं येतात, बंदुका वाजल्या तर येत नाहीत. मी स्वतः पाहिलंय, एका बाजूला मोटार चालू, दुसऱ्या बाजूला न्यूयॉर्क उद्ध्वस्त होतंय आणि मधे हा दारं मोडतोय. त्याला इंग्रजी आलं असतं तर त्यानं इंग्रजी पाहिला असता. त्याला हवी असते हिंदी. फुकट आणि पैशाचं नंतर.

पूर्वी हा माल आमच्याकडे केळीच्या ट्रकमधून यायचा. इकडून केळी दिल्लीला, तिकडून ड्रायव्हर पिक्चर घेऊन परत. आधी सीड्या, मग पेनड्राइव्ह. सावद्याच्या नाक्यावर चहा पिता पिता अदलाबदल.

---

तापीपुत्र_०७

छान धागा. नवीन पिक्चरची हिंदी लिंक कुणाकडे असेल तर व्यनि (खासगी निरोप) करा.

---

प्रशासक

लिंक मागणे, देणे, साइटचे किंवा चॅनेलचे नाव सूचकपणे लिहिणे, काहीही चालणार नाही. व्यनितूनही नाही. आठवणी लिहा.

---

कार्डवाला_नाना

लपवून काय करू, आयडीतच लिहिलंय. भुसावळात माझं मोबाइलचं दुकान. २००८ ते २०१६ मी कार्डं भरली.

नव्या पोरांसाठी सांगतो. तेव्हा फोनमधे इंटरनेट नावापुरतं. गिऱ्हाईक मेमरी कार्ड काढून द्यायचं, आपण कार्ड रीडरमधे घालायचं, गिऱ्हाइकानं बोट दाखवायचं, आपण कॉपी मारायची. एक पिक्चर दहा रुपये, एक जीबीचं कार्ड भरून पन्नास. सुरुवातीच्या फोनसाठी पिक्चर थ्रीजीपीत बारीक करावा लागायचा, १७६ बाय १४४. माणसं मुंग्यांएवढी दिसायची. पण लोक अडीच तास बघायचे, एक फोन तिघांत धरून.

माझ्या कॉम्प्युटरवर फोल्डर होते: 'हॉलिवूड हिंदी', 'जॅकी', 'साप-मगर', 'साऊथ', 'अहिराणी', 'भक्ती'. सगळ्यात जास्त खपायचं 'साप-मगर'. मोठा अजगर, मोठी मगर, मोठा कोळी, जे काय मोठं असेल ते. यात्रेच्या दिवसांत बायासुद्धा मागायच्या. नटांची नावं कुणालाच माहीत नसायची. "टकल्याचा द्या." मी विचारायचो, टकल्या गाडीवाला की टकल्या हाणामारीवाला? दोन्ही टकल्यांची वेगवेगळी गिऱ्हाइकं होती.

भारनियमन असलं की दुकानात गर्दी, कारण इन्व्हर्टर माझ्याकडेच. एक रेल्वेतला गँगमन दर पगाराला यायचा, कार्ड पूर्ण रिकामं करून नवं भरून न्यायचा. त्याची अट एकच, "नाना, ज्याच्यात शेवटी हिरो जगतो तेच टाका."

एकदा कंपनीची माणसं पोलिसांना घेऊन आली. कॉम्प्युटर उचलून नेला. हार्डडिस्क मात्र मी आदल्या रात्री घरी नेली होती, पोराला कार्टून बघायचं होतं म्हणून. त्यानंतर सहा महिने बंद ठेवलं, मग परत सुरू. चूक होतं हे कळत नव्हतं असं म्हणणार नाही. पण दुकानात चोर म्हणून कुणी बघायचं नाही, 'पिच्चरवाले नाना' म्हणायचे.

५ सप्टेंबर २०१६ ला जिओ आलं. दिवाळीपर्यंत गिऱ्हाईक निम्मं, संक्रांतीपर्यंत संपलं. आता टेम्पर्ड ग्लास लावतो.

पांझराकाठ, तुमचा बर्फाच्या कारखान्याचा पिक्चर 'जॅकी'त असेल असं वाटतं. पण आम्ही 'जॅकी'त सगळेच चपट्या नाकाचे टाकायचो, लाज वाटते आता सांगताना.

---

ओठांमागचा

नाना, प्रतिसाद वाचून हसलो आणि थोडा वेळ गप्प बसलो. मी मूळचा अमळनेरचा, मुंबईत डबिंग स्टुडिओत ध्वनिमुद्रणाचं काम करतो. तुमच्या दहा रुपयांच्या पलीकडची बाजू सांगतो.

परदेशी पिक्चर डबिंगला येतो तेव्हा संगीत आणि इतर आवाज एका ट्रॅकवर वेगळे येतात. गाड्या, स्फोट, पावलं सगळं तयार असतं, फक्त माणसं मुकी. ती आपण बोलकी करायची. आधी लेखक बसतो. नुसता अनुवाद करून भागत नाही. प, ब, म आला की ओठ मिटतात, त्यामुळे पडद्यावर ओठ मिटले तर हिंदी वाक्यातही तिथेच तसलं अक्षर यावं लागतं. मग कलाकार एकटा काचेच्या खोलीत, कानाला हेडफोन. मारामारीत तर शब्दच नसतात. पण गुद्दा खाताना निघणारा श्वास, कण्हणं, दात-ओठ खाणं हे सगळं पुन्हा करावं लागतं. दिवसभर असलं केलेल्या माणसाचा घसा संध्याकाळी चहालाही नको म्हणतो.

आपल्याकडे याला खरी चालना मिळाली ती १९९४ मधे, डायनासोरांचा तो पिक्चर हिंदीत आला तेव्हा. इंग्रजी न येणारं गावही तिकीट काढतं हे कंपन्यांना तेव्हा कळलं. आज मोठे पिक्चर एकाच दिवशी इंग्रजी, हिंदी, तमिळ, तेलुगूत लागतात. आणि हे आवाज आपलेच आहेत हो. लोखंडी चिलखतवाल्या टोनी स्टार्कच्या मागे राजेश खट्टर. अल्लू अर्जुनला वर्षानुवर्षं हिंदी बोलायला लावणारा संकेत म्हात्रे. 'पुष्पा'त श्रेयस तळपदे. २०१६ च्या 'जंगल बुक'मधला शेरखान म्हणजे नाना पाटेकर. सालदारदादा रात्री बांधावर जे ऐकतात त्यात मराठी गळे बरेच आहेत.

भाच्याच्या पिक्चरमधला 'एकच आवाज' हा वेगळा प्रकार. अधिकृत हिंदी ट्रॅक हाती लागेपर्यंत कुणीतरी घरी बसून सगळी पात्रं वाचून टाकतो, सट्टेवाले पैसे देतात. दुसरा प्रकार थेटरात हिंदी शोचा आवाज चोरून तो भलत्याच प्रिंटला चिकटवायचा. जुन्या सीडीत आवाज मागे पडायचा ते आठवतंय? पिक्चर सेकंदाला २४ चित्रांचा, आपल्याकडच्या व्हीसीडी-टीव्हीचा हिशोब २५ चा. आवाज एका हिशोबानं आणि चित्र दुसऱ्या हिशोबानं घेतलं की तासाभरात जवळपास अडीच मिनिटांचा फरक. गोळी लागून माणूस पडायचा, धाडकन आवाज त्याच्या अंत्ययात्रेला यायचा.

---

केळीचं_पान

"अंत्ययात्रेला यायचा" 😂 अगदी अगदी.

---

सदाशिवपेठी

ओठांमागचा, म्हणजे नुकसान तुमचंच झालं. तेच तर मी म्हणतोय.

---

ओठांमागचा

सरळ तसंही नाही. डबिंग कलाकाराला कामाचे पैसे एकदाच मिळतात. पिक्चर कोट्यवधींनी पाहिला काय आणि शंभरांनी काय, मला किंवा त्याला पुढे काही येत नाही. नुकसान होतं ते असं की हिंदी आवृत्ती चालली नाही असं कंपनीला वाटलं तर पुढचा पिक्चर ती डबच करत नाही, किंवा स्वस्तात उरकते. आणि आता संगणकानं बनवलेले आवाज आलेत. फुकट्या प्रेक्षकाला एका माणसाचे तीन आवाज चालतात, मग संगणकाचे का चालणार नाहीत? मला त्याची जास्त भीती वाटते.

---

धुळेकरीण_वकील

कायद्याचं थोडक्यात, कारण धाग्यावर गैरसमज दिसतोय.

नाना जे करत होते त्याला लागू होतो प्रताधिकार (कॉपीराइट) कायदा १९५७, कलम ६३. सहा महिने ते तीन वर्षं कैद, पन्नास हजार ते दोन लाख दंड. शिवाय महाराष्ट्रात २००९ पासून एमपीडीएत, म्हणजे गुंडांना स्थानबद्ध करायच्या कायद्यात, 'व्हिडिओ पायरेट' हा शब्द घातलाय. म्हणजे झोपडपट्टीदादा आणि हातभट्टीवाल्यांच्या ओळीत पिक्चरवाले नाना. त्या कायद्यात खटल्याशिवाय वर्षभर स्थानबद्ध ठेवता येतं. नाना, तुम्ही नशीबवान.

थेटरात कॅमेरा लावणाऱ्यांसाठी २०२३ ची सिनेमॅटोग्राफ कायद्यातली दुरुस्ती: तीन महिने ते तीन वर्षं, दंड किमान तीन लाख आणि कमाल निर्मितीखर्चाच्या ५ टक्के.

नुसतं पाहणाऱ्याचं काय? बंद केलेल्या साइटवर गेलं की 'पाहिलंत तर तीन वर्षं' अशा अर्थाची पाटी यायची. २०१६ मधे मुंबई उच्च न्यायालयानं ती पाटी बदलायला लावली. गुन्हा पाहण्यात नाही, वाटण्यात, विकण्यात, सार्वजनिकरीत्या दाखवण्यात आहे. साइट बंद केली की दुसऱ्या दिवशी एक अक्षर बदलून परत उगवते, म्हणून दिल्ली उच्च न्यायालयानं २०१९ पासून असे आदेश सुरू केले की तीच साइट नव्या नावानं आली तर नव्यानं दावा न लावता तीही आदेशात ओढता येते. तण आणि कोळपं, दोन्ही चालूच.

पांझराकाठ, तुमचं गणपती मंडळ मात्र 'सार्वजनिकरीत्या दाखवण्यात' बसतं बरं का. मुदत गेली, घाबरू नका.

---

भुसावळची_सून

पाहणाऱ्याला कायदा काही करत नसेल, पण पाहणाऱ्याची जी गत होते ती मी सांगते.

माझ्या दिरानं मार्च महिन्यात 'हिंदी पिक्चर फुकट' म्हणणारं ॲप टाकलं. ॲपच्या अधिकृत दुकानातून नव्हे, ग्रुपवर आलेली फाइल. त्यानं एसएमएस वाचायची परवानगी मागितली, यानं दिली, पिक्चर बघायची घाई. पिक्चर सुरूही झाला. मध्यंतरापर्यंत खात्यातून १८,४०० गेले. ओटीपी आले आणि फोननंच वाचून पुढे धाडले, याला मेसेज दिसलेसुद्धा नाहीत. कापसाचे आलेले पैसे होते. सायबर फसवणुकीच्या १९३० या हेल्पलाइनला फोन केला, तक्रार नोंदली, पैसे अजून अडकलेलेच.

सासूबाई अजून विचारतात, "पिच्चर व्हता तरी कसा?" त्यांना वाटतं अठरा हजारांचा म्हणजे चांगला असेल.

नानांच्या दुकानात दहा रुपयेच जायचे.

---

सातपुडा_मास्तर

मी धडगाव तालुक्यात जिल्हा परिषद शाळेवर आहे. नाना म्हणतात जिओनं कार्डं संपवली, ते भुसावळात. आमच्या पाड्यांवर आजही रेंजसाठी टेकडी चढावी लागते, त्यामुळे कार्डं आहेत. ऊसतोडीला लोक गुजरातेत जातात, बारडोली-सुरतकडे. उन्हाळ्यात परत येतात ते भांडी, कपडे आणि भरलेलं कार्ड घेऊन. मग ते कार्ड पाड्यावर फिरतं.

मुलांची घरची भाषा पावरी. मराठी त्यांना शाळेत भेटते, हिंदी या पिक्चरांत. पाचवीच्या मुलाला हिंदीत 'मेरा मित्र' लिहायला सांगितलं. त्यानं लिहिलं, "मेरा मित्र बहुत अच्छा है। जो उसको हाथ लगाएगा, मैं उसको ज़िंदा नहीं छोड़ूँगा।" शुद्धलेखनाची एक चूक नव्हती. मी दहापैकी नऊ दिले. एक मार्क हेतूचा कापला.

---

पांझराकाठ

मास्तर 🙏 धागा काढल्याचं सार्थक झालं.

---

गिरणाकाठचा_शाहीर

इतके दिवस नुसता वाचत होतो. आता लिहितो, कारण नानांच्या यादीतला एक फोल्डर कुणी उचललाच नाही. 'साप-मगर'वर सगळे हसले. त्याच्याखाली 'अहिराणी' होता.

२००८ मधे मी चाळीसगाव तालुक्यातून अहिराणी गाण्यांची व्हीसीडी काढली. घरची सव्वा एकर गहाण ठेवून. हजार प्रती, किंमत चाळीस रुपये. कव्हरवर बैलगाडी आणि मी लाल फेट्यात. तीनशे गेल्या. चौथ्या आठवड्यात चाळीसगाव स्टेशनबाहेर माझीच सीडी पंधरा रुपयाला, कव्हर झेरॉक्सचं, फेटा काळा. विकणाऱ्यानं मला ओळखलं नाही. म्हणाला, "ल्या भाऊ, मस्त शे." घेतली मी. स्वतःची चोरलेली सीडी पंधरा रुपयाला विकत घेणारा मी एकटाच असेन.

परदेशी कंपनीचं काय जातंय असं म्हणत आपण 'जॅकी' भरून घेत होतो ना, त्याच रीडरमधून माझी जमीन गेली. हॉलिवूडला अशी दहा हजार दुकानं पचली. मला एक स्टेशन पचलं नाही.

पण सदाशिवपेठी, लगेच मान डोलवू नका, गोष्ट पुढे आहे. ती चोरलेली गाणी कार्डातून सुरतला गेली. उधना, लिंबायत, तिकडे आपला अर्धा खान्देश गिरण्यांत कामाला. २०१० च्या लग्नसराईत मला तिकडून फोन, हळदीच्या कार्यक्रमाला या. सुपारी पाच हजार. मग दर वर्षी. स्वतः विकत बसलो असतो तर सुरतपर्यंत माझं गाणं कधीच गेलं नसतं. जमीन सुटली ती त्या सुपाऱ्यांवर. आता नानांना चोर म्हणू की व्याही, मला आजवर ठरवता आलेलं नाही. मालेगावात नासिर शेख यांनीही व्हिडिओ पार्लर चालवता चालवताच पिक्चर काढायला घेतले होते, हे विसरू नका. दुसऱ्याचं दाखवणं आणि आपलं करणं यांच्यात आपल्याकडे भिंत कधी नव्हतीच, फारतर पडदा होता.

नाना, एक विचारायचं होतं. माझी मूळ कॅसेट जळगावच्या स्टुडिओत होती. तो स्टुडिओ बंद झाला, कॉम्प्युटर भंगारात गेला. माझ्याकडच्या सीड्यांना बुरशी लागली, एकही चालत नाही. आठ गाणी होती, यूट्यूबवर तीन सापडतात, तीही अर्धवट. माझ्या आईनं त्यात एक जात्यावरची ओवी म्हटली आहे, सातव्या नंबरला. ती आता नाही. तुमच्या 'अहिराणी' फोल्डरमधे बैलगाडीवाली सीडी होती का?

---

सदाशिवपेठी

(काही लिहिलं होतं, खोडलं. शाहीर, नमस्कार.)

---

कार्डवाला_नाना

शाहीर, होती. लाल फेटा की काळा ते आठवत नाही, पण बैलगाडी होती. दिवाळीत रोज पाच-सहा कार्डांत जायची. तुमचे किती बुडवले याचा हिशोब मांडायला बसलो काल रात्री, मधेच सोडून दिला.

डिस्क आहे. ८० जीबीची, तीच, पोलिसांपासून वाचलेली. माळ्यावर साडीच्या खोक्यात सापडली. पण जुन्या रुंद पट्टीच्या केबलची आहे, आताच्या कॉम्प्युटरला लागत नाही. इथल्या दोन दुकानांत विचारलं, पोरं म्हणतात असली केबल फक्त फोटोत पाहिली. चालू होईल की नाही तेही देव जाणे, हलवली की आत टकटक वाजतं.

---

ओठांमागचा

नाना, टकटक वाजत असेल तर कुणालाही चालू करून बघू देऊ नका. एकदासुद्धा नाही. खोक्यात तशीच ठेवा, हलवू नका. केबल आणि यूएसबीचा जोड दोन्ही माझ्याकडे आहेत, स्टुडिओतले जुने ट्रॅक काढायला वापरतो. मी शनिवारी सकाळी भुसावळला उतरतो. शाहीर, तुम्ही येणार का?

---

गिरणाकाठचा_शाहीर

येतो. पॅसेंजरनं.

---

पांझराकाठ

मीही येऊ का? 'जॅकी' फोल्डर एकदा बघायचा होता.

---

कार्डवाला_नाना

या सगळे. जेवायलाच या, भरीत-भाकरी करतो. फक्त आधी सातवं गाणं, मग बर्फाचा कारखाना.